ऋणकोच्या दप्तरांतील धनको : बाबूजी नाईक बारामतीकर याच्या चरित्राचें परीक्षण

(१)

नेवासें परगण्यांत पेशवाईंतील दोन भिन्न वृत्तींच्या घराण्यांच्या खुणा आहेत. खुद्द नेवाशास मोहिनीराजाचें देवालय आहे. तें होळकरांचा दिवाण गंगाधर यशवंत चंद्रचूड यानें इ. स. १७७३ च्या सुमारास बांधविलें. नेवाशाखालीं प्रवरा नदी गोदावरीस मिळते तेथें टोकें व प्रवरासंगम हीं दोन क्षेत्रें आहेत, आणि त्यांच्या समोर, गोदावरीच्या पैलतीरीं, कायगांव आहे. कायगांवकर दीक्षित पाटणकर यांची सावकारी पेशवाईंत प्रसिद्ध होती. याच घराण्यांतील नारायण दीक्षित काशीस जाऊन राहिले, व त्यांच्या व त्यांच्या मुलांच्या पत्रांवरून त्या काळच्या काशीची पुष्कळ हकीकत आपणांस कळते.

यांपैकीं चंद्रचूड हा मूळचा लेखणीचा माणूस. होळकरांच्या फौजेबरोबर हिंडतां हिंडतां तो मसलतीचा व मोहिमेचा माणूस झाला. दीक्षित सावकार होते व सावकारच राहिले. त्यांनीं फौज बाळगली नाहीं. राजकारणांतील डावपेचांबद्दल चंद्रचूडास इतिहासकारांनीं दोष दिला आहे, परंतु कारकून असून तो फौजेंत कां शिरला असें त्यास कोणी विचारलें नाहीं. सखारामबापू, गोविंदपंत बुंदेले इत्यादि कितीएक पुरुष लेखणी सोडून अथवा लेखणीसह तलवारीकडे वळले. त्यांचें हें वळणें मराठी राज्याच्या वाढीचें लक्षण म्हणून गणलें जातें. दीक्षितांसही पेढी संभाळली म्हणून मानच मिळतो.

परंतु तिसरा एक वर्ग आहे. पेढीवरून उठून जो घोड्यावर बसला, त्याच्या वांट्यास मात्र उपहास आला. बाबूजी नाईक बारामतीकर हें याचें सर्वांत ठळक उदाहरण होय. त्याच्याविषयीं रूढ झालेलें मत कितपत टिकतें, याचा विचार या लेखांत कर्तव्य आहे. नाईकाचें समग्र चरित्र देण्याचा येथें हेतु नाहीं. तें ज्या मापानें मोजलें गेलें तें माप खरें आहे कीं नाहीं, एवढाच प्रश्न आहे.

(२)

रूढ मताचा उगम ग्रांट डफच्या इतिहासांत आहे. डफ हा इ. स. १८१८ पासून साताऱ्यास इंग्रजांचा अधिकारी होता व त्याचा ग्रंथ इ. स. १८२६ त प्रसिद्ध झाला. त्यानें दिलेली हकीकत संक्षेपानें अशी : सदाशिव ऊर्फ बाबूजी नाईक जोशी हा बारामतीचा धनाढ्य सावकार असून पेशव्यांचा आप्त होता. थोरल्या बाजीरावास त्यानें मोठालीं कर्जें दिलीं. तीं फिटलीं नाहींत, म्हणून तो बाजीरावाचा वैरी बनला. एप्रिल १७४० मध्यें बाजीराव वारला तेव्हां रघूजी भोंसल्यानें या चिडलेल्या धनकोस हाताशीं धरलें, व शाहू छत्रपतींस मोठी रक्कम देऊं करून रिकामें झालेलें पेशवेपद नाईकास मिळावें अशी खटपट केली. ती साधली नाहीं. बाजीरावाचा पुत्र बाळाजी यास जून १७४० मध्यें पेशवाईचीं वस्त्रें मिळालीं. मग नाईकानें नव्या पेशव्यापाठीमागें जुन्या कर्जाचा तगादा लावून त्यास सतावून सोडलें. त्या संकटांतून पेशव्याचा दिवाण महादोबा पुरंदरे यानें आपली पत खर्ची घालून त्यास सोडविलें. पुढें नाईकानें कृष्णा व तुंगभद्रा यांमधील मुलखाची चौथ-सरदेशमुखी सालीना सात लाख रुपयांच्या इजाऱ्यानें छत्रपतींकडून घेतली, व त्या व्यवहारांत तो पुरा बुडाला.

या हकीकतींतील एकेक गोष्ट सुटी घेतली तर तिच्यावर हरकत घेण्यासारखें फारसें नाहीं. हरकत आहे ती जुळणीवर. नाईकाच्या प्रत्येक कृत्यास डफनें एकच हेतु लाविला आहे, तो म्हणजे न फिटलेल्या कर्जाचा राग. बाजीरावाशीं वैर, पेशवेपदाची अपेक्षा, तगादा, कर्नाटकची मोहीम हीं सर्व त्या एका रागाचीं फळें ठरतात. उलटपक्षीं, कर्ज घेणाराचा हेतु विचारण्याचें त्यास कारण पडत नाहीं. बाजीरावानें घेतलेला पैसा राज्यकार्यास लागला म्हणून तो उदात्त. दिलेला पैसा मात्र सावकाराचा, म्हणून त्याची मागणी क्षुद्र. एकाच रकमेस देतांना एक व मागतांना दुसरें नांव पडावें, हा न्याय नव्हे.

इ. स. १८६८ त नीलकंठ जनार्दन कीर्तने यांनीं डफच्या बखरीवर टीका लिहून मराठ्यांनीं आपला इतिहास आपल्या साधनांवरून पारखावा हा मार्ग घालून दिला. त्यानंतर डफचीं कितीएक मतें बदललीं. शिवाजी, बाजीराव, नाना फडणीस यांच्याविषयींचीं त्याचीं विधानें पुन्हां पुन्हां तपासलीं गेलीं. नाईकाविषयींचें मत मात्र जसेंच्या तसें पुढें चालत आलें. याचें कारण उघड आहे. डफचें मत येथें पेशव्यांस अनुकूल होतें, त्यामुळें तें खोडण्याची निकड कोणासही वाटली नाहीं.

(३)

साधनें प्रसिद्ध झाल्यावर तरी हें मत ढिलें व्हावयास पाहिजे होतें. खरेशास्त्र्यांचा ऐतिहासिक लेखसंग्रह इ. स. १८९७ पासून निघूं लागला. राजवाड्यांचा पहिला खंड इ. स. १८९८ त निघाला. सरदेसायांनीं पेशवे दप्तरांतील निवडक कागद पंचेचाळीस भागांत इ. स. १९३० ते १९३४ या अवधींत छापून काढले. या तिघांच्या श्रमांवर आजचा मराठ्यांचा इतिहास उभा आहे. पण हे कागद कोणाचे आहेत हें ध्यानांत ठेविलें पाहिजे. पेशवे दप्तर हें पेशव्यांचें, म्हणजे कर्ज घेणाराचें दप्तर आहे. पटवर्धनी दप्तर हें त्यांच्या सरदारांचें आहे. कर्ज घेणाराच्या दप्तरांत धनको बहुधा एकाच प्रसंगीं दृष्टीस पडतो, तो म्हणजे मुदत टळल्यावर. रक्कम वेळेवर आली, फौज दसऱ्यास बाहेर पडली, मोहीम फत्ते झाली, अशा वेळीं सावकाराविषयीं लांब पत्र लिहिण्याचें प्रयोजन नसतें; त्याचें नांव जमाखर्चाच्या एका ओळींत राहतें. तो पैसा परत मागूं लागला म्हणजे मात्र त्याच्यावर पत्रें लिहिलीं जातात. अशा पत्रांच्याच आधारें सावकाराचा स्वभाव ठरविणें म्हणजे केवळ प्रतिवादीच्या कैफियतीवरून निवाडा करण्यासारखें आहे.

याच काळांतील दुसरें एक उदाहरण शेजारीं ठेवून पहावें. धावडशीचे ब्रह्मेंद्रस्वामी हे पेशव्यांचे गुरु होते, तसेच त्यांचे धनकोही होते. बाजीरावानें आपल्या कर्जबाजारीपणाचें गाऱ्हाणें सांगितलें तें याच स्वामींस. आणि स्वामींनींही आपल्या पैशाविषयीं शिष्यांस बजावण्यांत कसूर केली नाहीं. इतिहासलेखकांनीं स्वामींच्या या मागणीस गुरूचा रोष, फार तर लौकिकाची आसक्ति, म्हटलें. नाईकाच्या मागणीस त्यांनीं वैर म्हटलें. दोघांनींही बाजीरावास पैसे दिले, दोघांनींही मागितले, आणि दोघांशींही पेशव्यांचा जवळचा संबंध होता. बाजीरावाची बहीण भिऊबाई ही बाबूजीचा भाऊ आबाजी नाईक यास दिलेली होती. मग भेद कशांत ? स्वामींनीं पेशव्यांची जागा मागितली नाहीं, नाईकानें मागितली. त्याच्यावरील खरा आरोप हा आहे. तगाद्याचा आरोप त्याच्या पाठीमागून लागला.

(४)

सावकार सरदार कां होतो, याचें उत्तर त्या काळच्या फौजेच्या व वसुलाच्या रीतींत आहे. मराठी फौजेचा मोठा भाग शिलेदारांचा असे. शिलेदार स्वतःचें घोडें व हत्यार घेऊन चाकरीस येई. परंतु मोहिमेस निघण्यापूर्वीं त्यास नालबंदी, म्हणजे आगाऊ पैका, द्यावा लागे. सरकारी पागेंतील बारगिरांचीं घोडीं व दाणावैरण यांचा खर्च तर वर्षभर चालू असे. फौज दसऱ्यास बाहेर पडे. खंडणी व चौथ यांचा पैसा मोहीम लढून झाल्यावर, बहुधा उन्हाळ्याच्या शेवटास, हातीं येई, आणि तोही ठरल्याइतका येईलच असा नेम नसे. म्हणजे खर्च आधीं व उत्पन्न मागून. हें मधलें अंतर भरून काढणारा माणूस सावकार होय. तो व्याज घेई, मनोती घेई, वरातींवर पैसे उचलून देई. त्याच्यावांचून बाजीरावाच्या उत्तरेंतील मोहिमा निघत्या ना.

आतां कर्जाचें मुद्दल थकलें म्हणजे पेशव्यांजवळ फेडीचें साधन कोणतें ? रोकड नसेच. तेव्हां एखाद्या परगण्याचा वसूल लावून द्यावयाचा. हा परगणा स्वराज्यांतील व शांत असेल तर सावकाराचा गुमास्ता जाऊन वसूल आणी, व प्रकरण तेथें मिटे. परंतु लावून दिलेलें उत्पन्न चौथाईचें असेल तर गोष्ट अगदीं निराळी. चौथ हें परमुलखावरील उत्पन्न. ती हुंडीप्रमाणें दाखवितांच पटत नसे. ती उगविण्यास फौज लागे. सावनूरच्या नबाबाच्या दारीं गुमास्ता पाठवून उपयोग नव्हता. तेथें पांच-चार हजार स्वार उभे करावे लागत. याप्रमाणें ज्याचा पैसा चौथाईंत गुंतला तो सावकार हळूहळू फौज ठेवूं लागे, व फौज ठेविली म्हणजे तिचें पोट भरण्यासाठीं त्यास आणखी चौथाई पाहिजे होई. बाबूजी नाईक या रीतीनें शिबंदीचा व पुढें फौजेचा धनी झाला. केवळ महत्त्वाकांक्षेनें त्यास घोड्यावर बसविलें असें म्हणणें, म्हणजे ज्या राज्यव्यवस्थेनें त्यास रिकिबींत पाय घालावयास लाविलें तीस अजिबात मोकळें सोडणें होय.

(५)

आतां कर्नाटकच्या व्यवहाराकडे वळूं. कारण नाईकाची लायकी तेथेंच ठरली असें म्हणतात.

रघूजी भोंसले व फत्तेसिंग भोंसले यांनीं मे १७४० मध्यें दामलचेरीच्या घाटांत दोस्तअल्लीचा पराभव केला, आणि मार्च १७४१ मध्यें त्रिचनापल्ली घेऊन चंदासाहेबास कैद केलें. त्रिचनापल्लीवर मुरारराव घोरपड्यास ठेविलें. या दोन वर्षांत मराठ्यांचा दरारा कर्नाटकांत पराकाष्ठेस पोंचला होता. त्याच भरंवशावर चौथाईच्या इजाऱ्याची रक्कम ठरली असली पाहिजे. परंतु पुढें तीन गोष्टी घडल्या. पहिली : इ. स. १७४३ त निजाम स्वतः मोठी फौज घेऊन कर्नाटकांत उतरला, त्यानें त्रिचनापल्ली मुराररावाकडून परत घेतली, आणि अर्काटचा कारभार लौकरच अन्वरुद्दीनखानाकडे आला. दुसरी : त्याच वर्षीं आगस्टाच्या अखेरीस शाहू छत्रपतींनीं पेशवे व रघूजी यांच्यांत मुलुखवांटणी करून बंगालचा प्रांत रघूजीकडे दिला. तेव्हांपासून नाईकाचा मुख्य पाठीराखा पूर्वेकडे गुंतला, इ. स. १७४४ त त्याचा सेनापति भास्करराम बंगाल्यांत दग्यानें मारला गेल्यावर तर रघूजीस दक्षिणेकडे पाहण्यास फुरसतच उरली नाहीं. तिसरी : पेशवा नाईकाचा प्रतिस्पर्धी असल्यामुळें त्याच्याकडून कुमक मागणें नाईकास कमीपणाचें वाटे, व देणें पेशव्यास सोयीचें नव्हतें. अशा स्थितींत फत्तेसिंग भोंसल्यास बरोबर घेऊन नाईक कर्नाटकांत गेला. रियासतकारांनीं दिलेल्या हकीकतीप्रमाणें इ. स. १७४५ त बसवापट्टणच्या बाजूस मुजफ्फरजंग व अन्वरुद्दीनखान यांच्या फौजेपुढें या दोघांस हार खावी लागली.

हारीचा दोष नाईकाकडे येतो यांत शंका नाहीं. परंतु ती हार झाली नसती तरी इजारा फायद्याचा झाला असता काय, हें मोजून पाहण्याजोगें आहे. वीस वर्षांनंतर, इ. स. १७६४ च्या सुमारास, थोरल्या माधवरावानें पटवर्धनांस कर्नाटकच्या तोंडावर आठ हजार स्वार ठेवण्यासाठीं सुमारें पंचवीस लाखांचा सरंजाम लावून दिला. म्हणजे एका स्वारास सालीना सरासरी सुमारें तीनशें बारा रुपयांची बेगमी धरली होती. हा दर पुढील काळचा आहे. तरी अंदाजास तो पुरेसा आहे. या दरानें नाईकानें केवळ दोन हजार स्वार ठेविले असें धरलें तरी त्यांचा खर्च सव्वासहा लाख होतो. त्यांत छत्रपतींस द्यावयाचे सात लाख मिळविले म्हणजे सव्वातेरा लाख रुपये दर वर्षीं वसूल झाल्याशिवाय त्याच्या हातीं एक रुपयाही उरावयाचा नव्हता. व्याज निराळें. आणि दोन हजार स्वारांनीं निजामाच्या सरदारांस, सावनूर-कडप्याच्या नबाबांस व मुराररावासारख्या स्वकीय पुंडास धाकांत ठेवून सव्वातेरा लाख उगवावयाचे ! फौज वाढवावी तर खर्च वाढतो. कमी करावी तर वसूल बुडतो. हा इजारा कोणाही कसलेल्या सेनापतीस न पेलणारा होता. सावकार असूनही नाईकानें हा हिशेब आधीं कां केला नाहीं, असें त्यास विचारतां येईल, आणि हाच त्याच्यावरील सर्वांत मार्मिक आक्षेप आहे. तो शिपाई म्हणून हरला त्यापूर्वीं सावकार म्हणून चुकला होता.

डिसेंबर १७४६ मध्यें सदाशिवराव भाऊ कर्नाटकाच्या मोहिमेस निघाला, आणि पुढील वर्षीं सावनूरच्या नबाबानें छत्तीस परगणे मराठ्यांस तोडून दिले. जेथें सावकार फसला तेथें शिपाई यशस्वी झाला, असा या दोन मोहिमांचा तुलनात्मक अर्थ सामान्यतः लावितात. पण हा शिपाई त्या वेळीं सोळा वर्षांचा असून त्याची ही पहिलीच स्वारी होती, आणि त्याच्या पाठीशीं महादोबा पुरंदरे व सखारामबापू हे दोन लेखणीबहाद्दर होते. यशाचें श्रेय केवळ तलवारीचें नव्हे. भाऊपाशीं पेशव्यांची सबंध पत होती, व मोहिमेचें फळ कांहींही येवो, अमुक रक्कम साताऱ्यास भरलीच पाहिजे असें कलम त्याच्या गळ्यांत बांधलेलें नव्हतें. दोन मोहिमांतील खरा फरक हा आहे.

(६)

सरंजाम व इजारा यांतील हा भेद एकदां ध्यानीं आला म्हणजे सावकारांतून सरदार झालेल्या इतर घराण्यांचेंही कोडें उलगडतें. वाईचे रास्ते हे मूळचे सावकार. भिकाजी नाईक रास्त्याची मुलगी गोपिकाबाई नानासाहेब पेशव्यास दिली, आणि तिचे भाऊ घोडदळाचे सरदार झाले. त्यांस सावकारी वृत्तीबद्दल कोणी हिणविलें नाहीं. नाईकांचा संबंध पेशव्यांच्या बहिणीकडून होता व रास्त्यांचा पत्नीकडून. वंशाच्या दृष्टीनें पाहतां दोन्ही आप्तपणे सारखेच. परंतु रास्त्यांस फौजेच्या खर्चापुरता मुलूख तोडून मिळाला. लढाईच्या नफ्यातोट्याचा धनी सरकार राहिलें. नाईकानें नफ्यातोट्याचें धनीपण स्वतःकडे घेतलें. पहिल्यास आपण सरदार म्हणतों, दुसऱ्यास मक्तेदार. पेढीवरून उठण्यांत दोष नसून पेढीचा करार रणांगणावर नेण्यांत दोष होता, असें यावरून दिसतें.

याच वर्षांत, त्याच कर्नाटकांत, दुसराही एक व्यापाऱ्याचा माणूस शिपाई बनत होता. रॉबर्ट क्लाइव्ह इ. स. १७४४ त मद्रासेस इंग्रज कंपनीचा कारकून म्हणून सालीना पांच पौंडांच्या तनख्यावर उतरला. इ. स. १७४६ त फ्रेंचांनीं मद्रास घेतली, तेव्हां तो निसटून सेंट डेव्हिडच्या किल्ल्यांत गेला, इ. स. १७४७ त त्यास एन्साइनची सनद मिळाली, मधल्या काळांत फौजेस रसद पुरविण्याच्या कामावर त्यानें पैसाही बराच मिळविला, आणि इ. स. १७५१ त अर्काटच्या वेढ्यानें तो नांवारूपास आला. दुकानांतून तलवारीकडे वळण्याबद्दल त्यास त्याच्या देशांत कोणी हंसलें नाहीं. येथें त्याची व नाईकाची बरोबरी करण्याचा उद्देश नाहीं. युद्धकौशल्यांत क्लाइव्ह कितीतरी पुढें होता. परंतु क्लाइव्हच्या पाठीमागें व्यापाऱ्यांची एक मंडळी होती. तिचें भांडवल शेंकडों भागीदारांचें, आणि लढाईचा खर्च तिच्या वहींत पडे. अर्काट पडलें असतें तरी क्लाइव्हचें घरदार जप्त होणार नव्हतें. बारामतीची पेढी एका कुटुंबाची होती. एका मोहिमेचा तोटा म्हणजे त्या कुटुंबाचा तोटा. ज्या राज्यांत युद्धाचा विमा एकट्यादुकट्या सावकारानें उतरावा लागतो, त्या राज्याची आर्थिक रचना किती कच्ची होती, याचा हा पुरावा आहे. आणि नाईकाच्या चरित्राचें महत्त्व मुख्यतः या पुराव्यांत आहे.

मग सावकारानें पेढी न सोडणें, दीक्षितांप्रमाणें गंगातीरीं राहून हुंड्यांचा व्यवहार करणें, हेंच शहाणपणाचें होतें काय ? एका दृष्टीनें होय. तथापि तोही मार्ग निर्भय नव्हता. कायगांव-टोकें हें औरंगाबादेहून नगर-पुण्याकडे येणाऱ्या रस्त्यावरील उताराचें ठिकाण. पानिपतानंतर, नोव्हेंबर १७६१ मध्यें, निजामअल्लीची फौज पुण्यावर चालून आली ती याच वाटेनें, आणि तिनें टोक्याचीं देवालयें उध्वस्त केलीं. त्यामुळें चिडून त्याच्याच फौजेंतील रामचंद्र जाधवासारखे हिंदु सरदार त्यास सोडून मराठ्यांकडे आले, व जानेवारी १७६२ मध्यें उरुळीस तह होऊन प्रसंग टळला. टोक्यास आज उभें असलेलें सिद्धेश्वराचें देवालय हें त्यानंतरचें काम आहे. सांगण्याचें तात्पर्य एवढेंच कीं, पेढीवर बसून राहिल्यानें सावकार युद्धाबाहेर राहत नव्हता. युद्धच त्याच्या दाराशीं येई. फौज बाळगावी तर इजाऱ्यानें बुडावें, न बाळगावी तर दुसऱ्याच्या फौजेच्या दयेवर रहावें, या दोहोंपैकीं एक त्यास पत्करणें भाग होतें. नाईकानें एक पत्करलें व दीक्षितांनीं दुसरें.

(७)

नाईकाच्या बाजूनें एवढें लिहिल्यावर त्याच्याविरुद्ध जें उरतें तेंही स्पष्ट सांगितलें पाहिजे. पेशवेपदासाठीं त्यानें पैसा पुढें केला हें खरें. नवीन अधिकार मिळतांना छत्रपतींस नजर देण्याची चाल सर्वत्र होती, आणि पेशव्यांनींही ती पाळली. तेवढ्यानें नाईकाची खटपट निर्दोष ठरत नाहीं. नजर ही अधिकार मिळाल्याची खूण होती. नाईकानें तीस अधिकाराचें मोल बनवूं पाहिलें. जून १७४० मध्यें त्याच्या नांवावर एकही मोहीम नव्हती. बाळाजी बाजीराव एकोणीस वर्षांचाच होता हें खरें, पण त्याच्यामागें वीस वर्षांच्या घोडदौडीनें तयार झालेले शिंदे, होळकर, पवार हे सरदार होते. ते नाईकाच्या हुकुमानें चालते ना. शाहूनें नाईकास नाकारलें तें योग्यच केलें. तसेंच, पेशव्यांकडून कुमक न मागण्याचा मानीपणा नाईकास व राज्यास दोघांसही महाग पडला. या दोन गोष्टींत त्याचा कैवार घेतां येणार नाहीं.

परंतु कैवार न घेणें वेगळें आणि चिडलेला धनको या एका शब्दांत त्याचें आयुष्य गुंडाळणें वेगळें. त्या एका शब्दानें तीन निरनिराळ्या गोष्टी झांकल्या जातात. मराठी राज्य उधारीवर चाललें होतें, ही पहिली. उधारीची फेड परमुलखाच्या अनिश्चित वसुलानें होई, व तो वसूल आणण्याचें काम धनकोवरच ढकललें जाई, ही दुसरी. आणि ज्यानें तें काम पत्करलें त्याची कीर्ति पुढें त्याच्या ऋणकोच्या कागदांवरून ठरली, ही तिसरी. पहिल्या दोन गोष्टी राज्याच्या आहेत, तिसरी आपणां इतिहासलेखकांची आहे. आणि ती सुधारणें आपल्याच हातीं आहे.

या तिसऱ्या गोष्टीचा एक नमुना येथें नमूद करण्याजोगा आहे. मोरोपंत पराडकर पन्हाळ्याहून बारामतीस आले, नाईकांच्या आश्रयास राहिले, आणि इ. स. १७९४ त वारले तोंपर्यंत बारामती हेंच त्यांचें घर होतें. कऱ्हेच्या कांठीं पंतांनीं जो अफाट काव्यसंसार उभारला त्याच्या पायाशीं बारामतीच्या पेढीचा पैसा आहे. म्हणून वाङ्मयाच्या इतिहासांत बाबूजी नाईक हा उदार व रसिक यजमान म्हणून उभा आहे. आणि राजकीय इतिहासांत तोच कारस्थानी सावकार म्हणून उभा आहे. दोन ग्रंथकार एकाच माणसाविषयीं लिहीत आहेत असें वाचकास वाटूं नये, इतकीं हीं दोन चित्रें परस्परांपासून दूर आहेत. ज्यानें मोरोपंतास सुमारें चाळीस वर्षांची निश्चिंती देण्याची सुरुवात केली त्यास पैसा कोठें घालावा हें मुळींच कळत नव्हतें, असें म्हणवत नाहीं. कर्नाटकांत त्यानें तो चुकीच्या करारांत घातला. त्या करारावर एका बाजूस नाईकाचा व दुसऱ्या बाजूस छत्रपतींच्या सरकारचा हात होता. आजपर्यंतच्या निवाड्यांत एकाच बाजूस शिक्षा झाली आहे. पुढील लेखकांनीं दोन्ही बाजू दप्तरीं मांडून मग निवाडा द्यावा, एवढीच आमची विनंति आहे.